दुशराच्या साक्षीनं: पेट्रा ते हेग्रा, नबातियन लेखांच्या मागावर

पेट्रा ही राजधानी असलेल्या प्राचीन नबातियनांनी स्वतः लिहिलेला सलग इतिहास आज उपलब्ध नाही. त्यांच्याबद्दल भरभरून लिहिलं ते परक्यांनी: दिओदोरस, स्ट्रॅबो, जोसेफस या प्राचीन लेखकांनी. त्यांच्या हातचं जे उरलं आहे ते मुख्यतः दगडावर, अरामी भाषेत, 22 अक्षरांच्या आणि उजवीकडून डावीकडे जाणाऱ्या लिपीत. म्हणून हा प्रवास इमारतींच्या नाही, लेखांच्या हिशेबानं आखला आहे. जॉर्डनमध्ये पाच दिवस, एक दिवस वाटेत आणि दोन दिवस सौदी अरेबियात. हंगाम ऑक्टोबर ते मार्च. फक्त पावसाचा अंदाज रोज पाहायचा. कारण दुसऱ्या दिवसात येईलच.

निघण्याआधी जॉर्डन पास ऑनलाइन काढावा. 70, 75 आणि 80 दिनारचे तीन पास म्हणजे पेट्रामध्ये अनुक्रमे एक, दोन आणि तीन दिवस. देशात किमान तीन रात्री मुक्काम असेल तर 40 दिनारची व्हिसा फी माफ होते. पेट्राचं नुसतं एक दिवसाचं तिकीट 50 दिनार आहे, तेव्हा 80 चाच पास घ्यावा. दर आणि नियम बदलतात, बुकिंगच्या आठवड्यात पुन्हा पाहून घ्या. सौदी व्हिसाचं काम वेगळं आणि आधी सुरू करायचं. सामानात दोन गोष्टी हव्यातच. एक साधी दुर्बीण, कारण बरेच लेख डोक्याच्या खूप वर आहेत. दुसरी चांगली बॅटरी. तिचा झोत समोरून मारला तर अक्षरं सपाट दिसतात. बाजूनं, दगडाला जवळजवळ समांतर धरला की खाचांत सावली पडते आणि लेख वर येतो.

लिपी आठवडाभरात शिकता येत नाही, पण तीन शब्द ओळखू आले तरी पुष्कळ काम होतं. ‘शलम’ म्हणजे शांती असो. वाटसरूंनी कोरलेल्या नावांच्या सुरुवातीला हा हमखास असतो. ‘दकीर’ म्हणजे स्मरण राहो. ‘बर’ म्हणजे मुलगा. तो दिसला की त्याच्या उजवीकडे मुलाचं आणि डावीकडे बापाचं नाव. स्वर लिहीत नाहीत, आणि ‘द’ व ‘र’ बहुतेक वेळा एकाच वळणाचे असतात. नवख्यांची वाचनं इथेच घसरतात.

पहिला दिवस: अम्मान, खिरबत अत-तन्नूर, वादी मूसा

अम्मानहून वादी मूसा डेझर्ट हायवेनं तीन तासांत येतं. तरीही किंग्ज हायवे घ्यावा. मादबा, वादी मुजिब, करक असं करत वादी अल-हसा ओलांडली की जबल तन्नूरचा सुटा, काळपट डोंगर दिसतो. सकाळी सातला निघालात तर दुपारी तिथे पोचता. शेवटची चढण पायी, सुटे दगड, सावली कुठेच नाही. माथ्यावर फार काही उभंही नाही. नेल्सन ग्लूक यांनी 1937 मध्ये हे मंदिर उकरलं आणि शिल्पं अम्मान व सिनसिनाटी इथल्या संग्रहालयांत गेली. राशिचक्र डोक्यावर पेललेल्या विजयादेवीची मूर्ती तर दुभंगून एक तुकडा जॉर्डनमध्ये, एक अमेरिकेत अशी आहे. तरीही सुरुवात इथूनच करावी असं आमचं ठाम मत आहे. या मंदिरातल्या देवांना चेहरे होते: कणसं ल्यालेली देवी, मासे ल्यालेली देवी, मेघांचा देव. इथल्या एका लेखात ‘कौस’ या देवाचं नाव आहे, आणि कौस हा नबातियनांच्या आधी या भागात राहणाऱ्या एदोमींचा देव. म्हणजे वाळवंटातून आलेल्या लोकांनी जुनी दैवतं पुसली नाहीत. इथलाच दुसरा लेख इ.स.पू. 8/7 चा आहे. त्यात झैदएलचा मुलगा नतीरएल हा लाबान झऱ्याचा प्रमुख म्हणून येतो. डोंगरावरचं देऊळ आणि खालचं पाणी एकाच माणसाच्या अखत्यारीत.

उद्या पेट्रात चेहरे शोधायला गेलात तर फसाल.

दुसरा दिवस: बाब अस-सिक ते कलश-थडगं

गेट सकाळी सहाला उघडतं, सहालाच आत जा. सिक, म्हणजे पेट्रात नेणारी अरुंद घळ, लागण्याआधीच, डाव्या हाताला, चार सुळके असलेलं ओबेलिस्क थडगं आहे. लोक त्याचा फोटो काढून पुढे सरकतात. तुम्ही पाठ फिरवा. रस्त्याच्या पलीकडच्या कड्यावर, उंचावर, एक लेख नबातियन आणि ग्रीक अशा दोन्ही भाषांत आहे: अब्दमन्कू नावाच्या माणसानं हे थडगं स्वतःसाठी आणि आपल्या वंशजांसाठी कायमचं बांधलं. दुर्बीण इथे लागते. समोरचे सुळके म्हणजे ‘नेफेश’, मृताची खूण म्हणून उभारलेले स्तंभ. मनुष्याकृती न कोरता माणूस उभा करायची ही त्यांची रीत.

सिकच्या तोंडाशी बंधारा आहे आणि उजवीकडे खडकातून खोदलेला बोगदा. वादी मूसाचा लोंढा सिकमध्ये न शिरता बाजूनं वळावा यासाठी नबातियनांनी ही व्यवस्था केली होती. ती मोडकळीला आल्यावर 1963 च्या एप्रिलमध्ये सिकमध्ये पूर घुसला आणि वीसहून अधिक फ्रेंच प्रवासी वाहून गेले. त्यानंतर जुन्याच आखणीवर बंधारा पुन्हा बांधला. आजही पाऊस असेल तर साइट बंद करतात. अशा वेळी गार्डशी हुज्जत घालू नये. पाऊस डोक्यावर पडत नसला तरी पाणी वरच्या डोंगरातून येतं.

सिक 1.2 किलोमीटर. दोन्ही भिंतींत पन्हळी आहेत. एका बाजूच्या पन्हळीत भाजक्या मातीचे नळ बसवलेले, काही जागी तुकडे अजून दिसतात. त्याच भिंतींत कोनाडे, आणि कोनाड्यांत देव. देव म्हणजे उभा चौकोनी दगड, बाकी काही नाही. मराठी माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. शेंदूर न लावलेला तांदळाच तो. काही ठिकाणी डोळे आणि नाक एवढंच भूमितीनं सुचवलेलं असतं. काही कोनाड्यांच्या तळाशी खाच असते, तिथे वेगळा दगड आणून बसवत. वाटेच्या मधोमध सुटा उभा असलेला एक खडक येतो. त्याला पूर्ण वळसा घाला. त्यावरच्या कोनाड्यात ग्रीक लेख आहे. अद्राआ, म्हणजे आजचं सीरियातलं दराआ, इथल्या सणांचा प्रमुख सबिनोस यानं तो कोरवला. परगावचा माणूस आपल्या गावचा दुशरा पेट्रात स्थापून गेला.

दुशरा म्हणजे शरा डोंगराचा स्वामी, आणि पेट्राच्या पूर्वेची डोंगररांग आजही शराच म्हणवते. सुदा या बायझंटाइन कोशात पेट्रातल्या देवाचं वर्णन येतं: काळा, चौकोनी, न घडवलेला दगड, चार फूट उंच, दोन फूट रुंद, सोन्याच्या बैठकीवर, आणि त्यावर बळीचं रक्त ओतलं जाई.

सिक संपतो तिथे समोर येणारा खज्ना, म्हणजे खडकात कोरलेला मोहरा (दर्शनी भाग), सुमारे 40 मीटर उंच. सूर्य सकाळी नऊच्या पुढे त्यावर येतो. त्याच्या अंगावर कुणाचंही नाव नाही. पायथ्याखाली 2003 मध्ये थडगी सापडली आणि 2024 मध्ये तिथल्या एका थडग्यात 12 सांगाडे मिळाले, पण नाव सांगणारा लेख नाही. पेट्राची ही अडचण ठायी ठायी येते. शेकडो थडगी, आणि मालकाचं नाव फारच थोड्यांवर. बरेच गाईड प्रत्येक मोहऱ्याला एकेक राजा जोडून देतात. ऐकून घ्या, लिहून घेऊ नका.

राजथडग्यांना ऊन दुपारनंतर मिळतं, तोवर थिएटर आणि जेवण उरका. रांगेतल्या कलश-थडग्याच्या आतल्या भिंतीवर ग्रीक लेख आहे: इ.स. 446 मध्ये बिशप जेसननं या दालनाचं चर्च केलं. रांगेच्या उत्तर टोकाला सेक्स्तियस फ्लोरेन्तिनसचं थडगं आहे. फार कमी लोक तिथवर चालतात, आणि चालायलाच हवं. हा अरेबिया प्रांताचा रोमन गव्हर्नर होता, लेख लॅटिनमध्ये. सम्राट त्राजाननं इ.स. 106 मध्ये नबातियन राज्य खालसा केलं, त्यानंतरचा काळ. त्याच गव्हर्नरचं नाव इ.स. 127 च्या एका कागदावर सापडतं. मृत समुद्राजवळ खजुराच्या बागा असलेल्या बाबाथा नावाच्या ज्यू बाईनं आपली जमीन त्याच्या कारकिर्दीत सरकारदरबारी नोंदवली होती. तिची कागदपत्रं मृत समुद्राकाठच्या गुहेत 1961 मध्ये मिळाली. त्यात नबातियन लिपीतले करारही आहेत.

तिसरा दिवस: तुर्कमानिया, कस्र अल-बिंत, अद-दैर

आज एकच लेख नीट पाहायचा, बाकी सगळं त्याच्या उजेडात.

कस्र अल-बिंत या मंदिराकडून उत्तरेला, उम्म सैहून गावाकडे जाणाऱ्या वाटेवर तुर्कमानिया थडगं लागतं. मोहऱ्याचा खालचा भाग कोसळला आहे. वरच्या अर्ध्या भागात, अर्धस्तंभांच्या मध्ये, पाच लांब ओळी आहेत. पेट्रातला हा सर्वांत मोठा नबातियन लेख. वाचताना एखादं खरेदीखत हातात घेतल्यासारखं होतं. हे थडगं, त्यातलं मोठं दालन, त्याच्या आतलं छोटं दालन, पुढचं अंगण, ओसऱ्या, बागा, भोजनाची जागा, पाण्याची टाकी, भिंती आणि बाकीची सगळी मालमत्ता ही आमच्या स्वामींचा देव दुशरा, त्याचं पवित्र आसन आणि सर्व देव यांना वाहिलेली आहे, अर्पणाच्या दस्तऐवजांत लिहिल्याप्रमाणे. त्यातलं काही बदलू नये, काही काढू नये, आणि ज्याच्याकडे दफनाचा लेखी करार आहे त्याच्याखेरीज कुणाला इथे पुरू नये.

या सगळ्यात मालकाचं नाव नाही! ते होतं दस्तऐवजात, आणि दस्तऐवज होता कुठल्या तरी देवळात किंवा दप्तरात, पपायरसवर. पेट्रा मुकं वाटतं त्याचं मोठं कारण हेच असावं असं आम्हाला वाटतं. राजधानीत कागद जवळ होता, दगडावर सगळं उतरवायची निकड नव्हती. शिवाय या एका लेखामुळे इतर थडग्यांकडे पाहायची नजर बदलते. मोहरा हा मालमत्तेचा एक भाग. त्याच्यासमोर अंगण, टाकं, बाग, जेवणाचं दालन शोधायचं. बहुतेक ठिकाणी खुणा सापडतात.

परत कस्र अल-बिंतला या. बांधकामाचं मंदिर, भिंती 23 मीटरपर्यंत अजून उभ्या. दगडांच्या थरांमध्ये लाकडाच्या आडव्या पट्ट्या घातल्या होत्या. भूकंपाचा हादरा त्या खातात. लाकूड गेलं तिथे आडवी खाच दिसते. समोरच्या चढावर पंखधारी सिंहांचं मंदिर आहे. इथे मिळालेल्या लेखात राजा चौथा आरेतास याच्या कारकिर्दीच्या 37 व्या वर्षी, म्हणजे इ.स. 28 मध्ये, देवळात येणाऱ्या सोन्या-चांदीतला आणि नाण्यांतला वाटा पुरोहितांना कसा मिळावा हे ठरवलं आहे. डोळे कोरलेली, ‘हय्यानची देवी’ असा लेख असलेली छोटी शिळाही इथलीच. पेट्रातल्या बऱ्याच वस्तू व्हिजिटर सेंटरजवळच्या, 2019 मध्ये उघडलेल्या पेट्रा म्युझियममध्ये पाहायला मिळतात. संध्याकाळी तिथे तासभर द्या.

अद-दैर या डोंगरावर कोरलेल्या मोहऱ्याकडे नेणाऱ्या सुमारे 800 पायऱ्या दुपारी दोननंतर चढा. मोहरा पश्चिमेकडे तोंड करून आहे. गाढवांवर बसू नका, पायऱ्या त्यांच्या खुरांनीच झिजताहेत. दैरच्या जवळच मिळालेला एक लेख ओबोदास देवाच्या भोजनमंडळाचा उल्लेख करतो. ओबोदास हा राजा, मरणोत्तर देव झालेला. हे मंडळ काय करत असेल याची कल्पना स्ट्रॅबो देतो: तेरा-तेरा जणांच्या पंगती, प्रत्येकीला दोन गायिका, आणि कुणी अकरा प्याल्यांपेक्षा जास्त पीत नाही. तिन्ही बाजूंनी बाकं असलेली जी दालनं तुम्ही दोन दिवस पाहताय ती याच पंगतींची. याच लोकांबद्दल दिओदोरसनं इ.स.पू. 312 च्या सुमाराचं वर्णन दिलंय की त्यांच्यात घर बांधणं, धान्य पेरणं आणि दारू पिणं याला मृत्युदंड होता.

चौथा दिवस: बळीची जागा, वादी फरासा, बैदा

थिएटरच्या अलीकडून पायऱ्या चढून अल-मधबहवर, म्हणजे बळीच्या जागेवर जा, उतरताना मात्र वादी फरासाकडून उतरा. उलट केलंत तर चढ उन्हात येतो. वाटेत सुमारे 6 मीटरचे दोन सुळके आहेत. ते आणून उभे केलेले नाहीत. भोवतालचा आख्खा माथा तासून खाली नेला आणि हे दोन शिल्लक ठेवले. वर खोदीव अंगण, पायऱ्यांची वेदी, शेजारी गोल कुंड आणि पावसाच्या पाण्याचं टाकं. उतरताना सिंहाचं कारंजं लागतं. वरून आलेलं पाणी सिंहाच्या तोंडातून पडे.

दुपारी टॅक्सीनं सिक अल-बारिद, म्हणजे छोटा पेट्रा. पाऊण तास पुरतो. फक्त एका भोजनदालनाचं छत चुकवू नका: द्राक्षवेली, पक्षी, बाळं. काजळी साफ करून ते 2010 मध्ये पुन्हा डोळ्यांना दिसू लागलं.

पाचवा दिवस: वादी रम

वादी मूसाहून दोन तासांच्या आत. जीपवाल्याला आधीच स्पष्ट सांगा की ऐन शलालेला जायचंय. ‘लॉरेन्स स्प्रिंग’ म्हटलं की बहुतेक जीप गावाच्या दक्षिणेच्या ऐन अबू ऐनाला नेतात, आणि तिथे तुम्हाला हवं ते नाही. ऐन शलाले रम गावाच्या वर, डोंगराच्या कुशीत, पायवाटेनं अर्धा तास. झऱ्याभोवती कड्यावर देवशिळा कोरलेल्या आणि शेजारी नावं: अल्लात, अल-उज्जा, आणि गाया इथला अल-कुत्बा. गाया म्हणजेच आजचं वादी मूसा. अल-कुत्बाचं नाव ‘लिहिणं’ या अर्थाच्या मूळ शब्दावरूनच आहे. झऱ्याचं पाणी पन्हळीनं खाली अल्लातच्या देवळापर्यंत नेलं होतं. गावाच्या मागे त्या देवळाचे अवशेष आहेत. लेखात या जागेचं नाव इरम.

खझअली घळीत कोरलेली पावलं आणि माणसं नबातियन नाहीत म्हणून न पाहता पुढे जाऊ नका. तिथली थमूदी अक्षरं वाळवंटातल्या भटक्यांची, आणि ही लिपी हेग्रात पुन्हा भेटते.

सहावा दिवस: वाटेत

अकाबाहून दुर्रा नाका, हक्ल, तबूक, अल-उला. अंतर 500 किलोमीटरहून जास्त. भाड्याची जॉर्डनी गाडी सीमेपलीकडे बहुतेक नेऊ देत नाहीत. अकाबा किंवा अम्मानहून विमानानं, मध्ये बदल करून अल-उला गाठणं महाग पण बिनघोर.

सातवा दिवस: हेग्रा

अल-हिज्र, मदाइन सालेह, हेग्रा ही एकाच जागेची नावं. 2008 मध्ये युनेस्कोच्या यादीत आलेलं हे सौदीतलं पहिलं ठिकाण. स्वतःची गाडी आत जात नाही. वेळ ठरवून तिकीट काढायचं, बसनं फिरायचं. गाईडला इथे रावी म्हणतात. सकाळची पहिली बस घ्या आणि प्रत्येक थांब्यावर मोहऱ्याआधी दरवाजावरची चौकट पाहा. इथे 111 थडगी, त्यांतल्या 94 ना नक्षी, आणि तिसाहून अधिकांवर लेख. लेखांत तारखा आहेत: इ.स.पू. 1 पासून इ.स. 75 च्या सुमारापर्यंत.

कस्र अल-फरीद, म्हणजे कुझाचा मुलगा लिह्यान याचं थडगं, एकट्या सुट्या खडकात आहे. वरचा भाग गुळगुळीत, खालचा अर्धवट, छिन्नीचे घाव उघडे. कारागीर माथ्यापासून सुरुवात करून खाली येत, त्यामुळे परांचीची गरज नव्हती आणि वरची तयार नक्षी पडत्या दगडानं बिघडतही नसे.

लेखांपैकी कमकमचा लेख अनुवादासकट सोबत ठेवा. वाइलतची मुलगी कमकम आणि तिची मुलगी कुलैबत यांनी हे थडगं स्वतःसाठी आणि आपल्या वंशजांसाठी केलं. तेबेत महिना, चौथ्या आरेतासचं 9 वं वर्ष, म्हणजे इ.स.पू. 1 संपून इ.स. 1 लागतानाचा हिवाळा. बापाचं नाव नाही. कमकमची ओळख आई आणि आजीवरून दिलेली आहे. पुढे शाप. जो हे थडगं विकेल, विकत घेईल, गहाण टाकेल, भेट देईल, यातून देह किंवा अवयव बाहेर काढेल, किंवा या दोघी आणि त्यांचा वंश सोडून दुसऱ्या कुणाला पुरेल, त्याला दुशरा आणि त्याचं आसन, अम्नदची देवी अल्लात, देवी मनोतू आणि तिची कैशा यांचा शाप. शापावर भागत नाही. गुन्हेगारानं दुशरा, हुबल आणि मनोतू यांना 5 शमद द्यायचे आणि पुरोहिताला 1000 सेला दंड, तोही आरेतासच्या नाण्यांत. आणि मग पळवाट: ज्याच्या हाती कमकम किंवा कुलैबतनं दिलेलं पत्र असेल त्याचं ते पत्र ग्राह्य. शेवटी कारागिराचं नाव, वहबल्लाही. अल्लात आणि मनात (इथली मनोतू) ही नावं पुढे कुराणात येतात आणि हुबल मक्केत; इथे ते सहा शतकं आधी शाप देताहेत, दंड वसूल करताहेत.

इतर लेखांत वैद्य आहे, सेनापती आहे, रोमन पद्धतीचा शतकाधिपतीही आहे. एका थडग्याच्या लेखात या लेखाची प्रत कैशाच्या देवळात ठेवल्याचं सांगितलंय. इथे तुर्कमानियाचं कोडं सुटतं. दगडावर आहे ती जाहीर प्रत. मूळ नोंद देवळात. दंड घेणारा देव, दप्तर सांभाळणारा देव, आणि बाजूला राजाचा वाटा. कित्येक लेखांत दंड दुशरा आणि राजा या दोघांनाही द्यायचा आहे.

नाशिकच्या पांडवलेण्यांतला उषवदाताचा लेख आठवल्याशिवाय राहत नाही. क्षत्रप राजा नहपानाच्या या जावयानं भिक्षूंसाठी 3000 कार्षापण ठेवले: 2000 एका विणकर श्रेणीकडे दरमहा शेकडा एक व्याजानं, 1000 दुसरीकडे पाऊण टक्क्यानं. आणि हे सगळं निगमसभेत जाहीर करून फलकावर नोंदवलं असंही दगडावर लिहिलंय. हे दोन प्रदेश एकमेकांना अपरिचित नव्हते. इ.स. पहिल्या शतकातल्या पेरिप्लस या ग्रीक सागरी मार्गदर्शिकेत नबातियनांचा राजा मलिखस येतो, लेउके कोमे बंदरावर मालाचा चौथा हिस्सा जकात म्हणून घेणारा अधिकारी येतो, आणि त्याच मजकुरात पुढे सोपारा, कल्याण, पैठण, तेरही येतात. नहपानही बहुधा त्यात आहे.

दुपारी जबल इथ्लिब. दिवाण नावाचं समोरून उघडं भोजनदालन आणि त्याला लागून घळ. घळीच्या भिंतींवर देवशिळांचे कोनाडे. ऊन तिरकं असताना आत जा.

हेग्राचा सर्वांत मोलाचा लेख दिसायला मात्र साधा आहे. हारितचा मुलगा काअब यानं आई रकाशसाठी कोरलेला. ती हिज्रमध्ये वर्ष 162 च्या तम्मूझमध्ये वारली. इथे वर्ष मोजताना चूक होते. हे राजाचं वर्ष नाही, अरेबिया प्रांताचा शक आहे. तो 22 मार्च 106 ला सुरू होतो. 105 मिळवा: जुलै 267. लिपी नबातियन, भाषा बरीचशी अरबी, आणि बाजूला उभी थमूदी ओळ. राज्य जाऊन दीडशे वर्षं झाली तरी लोक लिपी सोडत नव्हते, पण तिच्यातून आता अरबी बोलत होते.

आठवा दिवस: अल-उला

जबल इक्माची घळ सकाळी. इथली दादानी लिपी नबातियन नाही, आणि जवळच्या दादान राज्याची ती नबातियनांच्या आधीची. अक्षरं मोठी, खोल, बऱ्याच जागी ओळी ठळक, वाचायला सोपी. हेग्रा आणि अल-उला यांच्यामधल्या जुन्या वाटेवर झुहैर नावाच्या माणसाचा इ.स. 644 चा लेख आहे: उमर (खलिफा) वारले त्या वेळी, वर्ष 24 मध्ये मी हे लिहिलं. अक्षरांवर टिंबं असलेली ही अरबी लिपी. रकाशच्या आणि झुहैरच्या लेखांचे फोटो शेजारी ठेवून एकेक अक्षर जुळवत बसा. विमानाची वेळ होईपर्यंत ते काम पुरतं.